करवतीच्या खुणा

आपल्या ज्ञातीच्या इतिहासाविषयी स्मरणिकांतून व लहानमोठ्या पुस्तिकांतून आजवर जे लेखन प्रसिद्ध होत आले, त्याचा बहुतांश भाग उत्पत्तिकथा, गोत्रे आणि पुराणांतील उल्लेख यांनी व्यापलेला आहे. त्या लेखनाविषयी अनादर नाही. परंतु ज्या हत्यारांवर आपल्या पूर्वजांचा चरितार्थ चालला, त्यांविषयी त्यात चार ओळीही सापडू नयेत, ही गोष्ट मनाला खटकल्यावाचून राहत नाही. बखरकारांकडून तशी अपेक्षाच करावयास नको. वाडा कोणी बांधविला, वास्तुशांत कधी झाली, खर्च किती आला, हे ते सांगतील. तुळई कोणी कापली, हे त्यांच्या लेखी सांगण्याजोगे नव्हते. बारा बलुतेदारांच्या थोरल्या कासेत सुताराची गणना होई, गावाला त्याच्यावाचून नांगर नव्हता की गाडी नव्हती. तथापि त्याच्या कामाची नोंद धान्याच्या वाट्यापलीकडे फारशी कोणी ठेविली नाही.

मग हा इतिहास लिहावयाचा तरी कशाच्या आधारे? माझे उत्तर असे की, तो लाकडावरच लिहिलेला आहे. करवत लाकडातून जाते तेव्हा प्रत्येक ओढीची एक रेघ मागे सोडून जाते, आणि ती रेघ पुसली गेली नसेल तर शे-दोनशे वर्षांनंतरही वाचता येते. हे वाचन करण्याची घाई मात्र आता झाली आहे. इंदिरानगरात आज राहणाऱ्या आपल्या कुटुंबांपैकी कित्येकांची मुळे जुन्या नाशकातील गल्ल्यांत किंवा जिल्ह्यातील खेड्यांत आहेत. त्या जुन्या नाशकातील एखादा वाडा कोसळल्याची वार्ता दर पावसाळ्यात कानी येते, आणि जे कोसळत नाहीत ते उतरविले जात आहेत. मोडकळीस आलेल्या घरात माणसांनी जीव मुठीत धरून राहावे असे कोणीही म्हणणार नाही. वाडा उतरविणे पुष्कळदा भागच असते. प्रश्न त्यातील लाकडाचा आहे. ते वखारीत जाते, तेथून आरागिरणीत जाते, आणि दोन-चार तासांत नव्या फळ्या होऊन बाहेर पडते. जुना पृष्ठभाग भुशाच्या ढिगात जातो.

इंदिरानगराहून मुंबई-आग्रा महामार्गाने पाथर्डी फाट्याच्या पुढे गेले की पांडवलेणी लागतात. तेथील अठराव्या क्रमांकाचे लेणे म्हणजे चैत्यगृह. त्याच्या दर्शनी भागाकडे पाथरवटाच्या नव्हे तर सुताराच्या दृष्टीने पाहावे. दगडात कोरलेल्या त्या कमानीखाली वाशांची टोके दिसतात, कठड्याच्या पट्ट्या दिसतात. दगडाला वाशांची काय गरज? उघड आहे की, आधी हे सर्व लाकडात होत होते, आणि पाथरवटाने सुताराचे काम डोळ्यांसमोर ठेवून छिन्नी चालविली. नाशिकचे मूळ लाकूडकाम नष्ट झाले. कार्ले व भाजे येथील चैत्यगृहांत मात्र छताला बसविलेल्या सागवानी फासळ्या सुमारे दोन हजार वर्षे टिकून राहिल्या आहेत. भाजे येथील फासळ्यांवर ब्राह्मी लिपीतील लहान लेखही आढळले आहेत.

कार्ल्याला तर सुतार नावानिशी भेटतो. तेथील एका लेखात धेनुकाकट येथील वेणुवासाचा पुत्र सामी याने लेण्याचे दार केल्याचा उल्लेख असून, त्याचा धंदा ‘वढकि’ असा दिला आहे. संस्कृत वर्धकि, प्राकृत वड्ढकि आणि उत्तरेकडील बढई हे सर्व एकाच कुळीचे शब्द होत. नाशिकच्या लेखांत श्रेणींची नावे येतात. उषवदाताने गोवर्धनातील कोष्ट्यांच्या दोन श्रेणींकडे मिळून ३,००० कार्षापण ठेव ठेविल्याचे सर्वज्ञात आहे. सुतारांची श्रेणी त्या लेखांत आलेली नाही. पण एका सुताराचे व त्याच्या बापाचे नाव दोन हजार वर्षे दगडावर राहिले, हे कमी नव्हे.

सामीच्या हातात करवत होती काय? असावी, असे मानण्यास भरपूर आधार आहे. मोहेंजोदडो येथे तांब्या-कांस्याच्या करवती सापडल्या आहेत, म्हणजे हे हत्यार या भूमीत चार हजार वर्षांहून जुने आहे. मराठीतील ‘करवत’ हा शब्द संस्कृत ‘करपत्र’ यापासून प्राकृतातील ‘करवत्त’ या रूपाने आला. सुश्रुताने शल्यकर्माची जी वीस शस्त्रे सांगितली, त्यांतही करपत्र आहे. ते अर्थातच हाड कापण्याचे. अमरकोशात करपत्र आणि क्रकच हे पर्याय दिलेले असून लगेच पुढे ‘आरा’ हा शब्द येतो, पण तो चामडे टोचण्याच्या हत्यारासाठी. चांभाराची आरी ती हीच. मोठ्या करवतीला आपण ‘आरा’ म्हणतो आणि त्यावरून ‘आरागिरणी’ म्हणतो, तो शब्द फार्सीतील ‘अर्रा’ याच्याशी अधिक जवळचा दिसतो. एकाच उच्चाराचे दोन शब्द, एक चांभाराचा व एक सुताराचा, आणि दोन निराळ्या वाटांनी आलेले. भाषेच्या अभ्यासकांनी याकडे अवश्य पाहावे.

त्याहून महत्त्वाचा पुरावा मज्झिमनिकायातील ककचूपमसुत्तात आहे. ‘ककच’ म्हणजे क्रकच, करवत. क्षमेचा उपदेश करताना बुद्धाने जी उपमा योजिली, तीत दरोडेखोरांच्या हातची करवत दोन्ही टोकांस मुठी असलेली आहे. म्हणजे दोन माणसांनी समोरासमोर राहून ओढण्याची करवत त्या काळच्या श्रोत्यांना इतकी परिचित होती की ती समजावून सांगण्याची गरज नव्हती. जैमिनीच्या अश्वमेधातील मयूरध्वजाची कथा आपल्या घरोघरी ठाऊक आहे. तेथेही राजाला चिरण्यासाठी करवतीची दोन टोके राणी व पुत्र यांच्या हाती दिलेली आहेत. काशीत जाऊन करवत घेणे हा वाक्प्रचारही अशाच मोठ्या करवतीचे चित्र उभे करतो. ‘करवत जातानाही कापते आणि येतानाही कापते’ असे आपण एखाद्या धूर्त माणसाविषयी म्हणतो. एकहाती करवत एकाच दिशेने कापते, हे सुताराच्या पोरालाही ठाऊक असते. तेव्हा ही म्हण एकहाती करवतीवरून पडलेली नाही. आडवे ओंडके तोडण्याच्या दुहाती करवतीचे दात दोन्ही बाजूंस सारखे उतरते असतात, ती खरोखरच जाता-येता कापते. म्हणी करणाराने धंदा नीट पाहिला होता.

स्त्रीवर्गासाठी एक गोष्ट येथेच सांगून ठेवतो. विदर्भातील करवतकाठी लुगड्याच्या काठावर जी दातेरी नक्षी असते, तिचे नाव याच हत्यारावरून पडले आहे.

आता प्रत्यक्ष कामाकडे वळू. जुन्या इमारतीतील सर्व लाकूड करवतीने कापलेले असते असा समज आहे, तो बरोबर नाही. खांब व तुळया यांना चौरस आकार देण्याचे काम पुष्कळदा कुऱ्हाड व वाकस यांनीच होई. ओंडक्याच्या चार बाजू तासून काढल्या की तुळई तयार. पण फळी? एका ओंडक्यातून तासून एकच फळी काढणे म्हणजे उरलेल्या लाकडाच्या ढलप्या करणे होय. म्हणून तुळई हे वाकसाचे अपत्य आणि फळी हे करवतीचे. सामान्य माणसाच्या घरावर बांबू व कामट्या पडत. कडीपाट किंवा तक्तपोशी ज्याच्या घरी, त्याने शेकडो हात लांब चिराई विकत घेतली असे समजावे. घराच्या छताकडे पाहून घरधन्याची ऐपत ओळखण्याची जी जुनी रीत होती, तिच्या मुळाशी करवतीची मजुरी होती.

ही चिराई दोन माणसे करीत. ओंडक्यावर प्रथम गेरूत किंवा काजळीच्या पाण्यात भिजविलेले सूत ताणून रेघ मारली जाई. आपल्या धंद्याचे नावच या सुतावरून पडले, हे सांगावयास नको. मग ओंडका खड्ड्यावर आडवा टाकीत, किंवा लाकडाच्या कैचीवर एक टोक वर उचलून तिरपा ठेवीत. एक जण वर चढून उभा राही, दुसरा खाली. वरचा रेघ सांभाळी व करवत वर उचली. खालचा ती ओढी, आणि कापण्याचे काम या खालच्या ओढीतच होई. सगळा भुसा खालच्याच्या डोळ्यांत व नाकातोंडात जाई. दोघांचा ताल एक नसेल तर करवत रेघ सोडते, अडकते, कधी वाकते; म्हणून अशा जोड्या वर्षानुवर्षे ठरलेल्या असणे स्वाभाविक होते.

तिरप्या ओंडक्याचे अर्धे अंतर कापून झाले की तो उलटा करावा लागे आणि दुसऱ्या टोकाकडून सुरुवात होई. दोन्ही काप मध्ये जेथे भेटत, तेथे एक लहानसा त्रिकोणी भाग न कापला जाता फाटून सुटे. अशा फळीवर अर्ध्या भागातील रेघा एका बाजूस झुकलेल्या, उरलेल्या अर्ध्यातील दुसऱ्या बाजूस झुकलेल्या, आणि मध्ये तो फाटलेला त्रिकोण, असे चित्र दिसते. ज्याने हे एकदा पाहिले, त्याला ती दोन माणसे व ती कैची डोळ्यांपुढे उभी राहिल्याशिवाय राहणार नाहीत. रेघांमधील अंतर सारखे नसते: माणूस ताजातवाना असता एका ओढीत अधिक कापले जाते, थकल्यावर कमी. कोठे गाठ लागली तर रेघा दाट होतात. हा सर्व हिशेब फळीच्या पाठीवर राहतो.

पेशवाईत असल्या कामाला मोठी मागणी आली. पुण्याच्या शनिवारवाड्याचा पाया १० जानेवारी १७३० रोजी घातला गेला व २२ जानेवारी १७३२ रोजी वास्तुशांत झाली. त्याला सागवान जुन्नरच्या रानातून आणल्याचे सांगतात. २७ फेब्रुवारी १८२८ रोजी लागलेल्या आगीत ते लाकूडकाम गेले, आणि त्याबरोबर त्यावरील लेखही गेला. आपल्या सुदैवाने नाशिकच्या सराफ बाजारातील सरकारवाडा व चांदवड येथील अहिल्याबाई होळकरांचा रंगमहाल यांतील लाकडी खांब अद्याप पाहावयास मिळतात. तेथे गेलेला मनुष्य कोरीवकामाकडे पाहतो आणि परत येतो. कोरलेल्या भागावर करवतीची खूण सापडणार नाही, ती रंध्याने व पटाशीने पुसलेली असते. जेथे डोळा जात नाही तेथे ती राहते: फळीच्या वरच्या अंगास, भिंतीत गेलेल्या टोकावर, कडीच्या पाठीवर. सुताराने दिसणारी बाजू गुळगुळीत केली व न दिसणारी तशीच ठेविली. मजुरी ज्याची मिळते तेवढेच काम करावे, हा शहाणपणा त्याला होता.

खुणांचे वाचन करावयाचे तर दातांची थोडी माहिती हवी. नव्या पिढीतील वाचकांसाठी ती येथे देतो; जाणत्यांनी हा भाग सोडून पुढे जावे. लाकूड उभे चिरण्याची करवत आणि आडवे कापण्याची करवत या दोन निराळ्या वस्तू आहेत. उभ्या चिराईचा दात म्हणजे एक बारीक पटाशी. तो रेषेच्या दिशेने तासत जातो. आडव्या कापाचा दात म्हणजे सुरीचे टोक. तो प्रथम दोन कडांनी रेषा तोडतो व मग मधला भाग बाहेर टाकतो. उभ्या चिराईला इंचाला चार ते सहा दात पुरतात, आडव्याला आठ ते दहा, कुसू कापण्यासाठी बारा-चौदा. दात एकाआड एक डाव्या-उजव्या अंगास किंचित वाकविलेले असतात, म्हणजे काप पात्यापेक्षा थोडा रुंद होतो व करवत मोकळी चालते. ही युक्ती नवी नाही. पहिल्या शतकातील रोमन लेखक प्लिनी याने तिची नोंद केली आहे.

आपल्याकडील जुन्या एकहाती करवतीचे दात मुठीकडे वळलेले असत, म्हणजे ती ओढताना कापी. जपानातील करवत आजही तशीच आहे. कारागीर जमिनीवर बसे आणि लाकूड पायांनी धरी. त्या बैठकीला ओढ सोयीची. शिवाय ओढताना पाते ताणले जाते, म्हणून ते पातळ असले, लोखंड मऊ असले, तरी वाकत नाही. ढकलून कापणारी करवत चालण्यासाठी ताठ पोलाद लागते. शेफील्डच्या परिसरात बेंजामिन हंट्समन याने १७४० च्या सुमारास मुशीतील पोलादाची रीत बसविली, आणि पुढे तेथील करवतींनी जग भरून गेले. ती करवत आपल्याकडे आली, तिच्याबरोबर उंच टेबल आले, आणि सुतार जमिनीवरून उठून उभा राहिला. हा बदल चांगला की वाईट, याचा वाद निष्फळ आहे. पाठ व गुडघे यांना तो मानवला असावा.

मात्र हत्यार परदेशी झाले तरी दात काढण्याची विद्या आपल्याच हातात राहिली, आणि माझ्या मते धंद्याचा कणा तोच होता. प्रथम सपाट कानस दातांच्या टोकांवरून सरळ फिरवून सर्व टोके एका पातळीत आणावयाची. मग तिकोनी कानशीने खाचा सारख्या करावयाच्या. मग दात आलटून पालटून वाकवावयाचे. आणि शेवटी एकाआड एक दाताला धार द्यावयाची. हा क्रम चुकला की करवत बोलू लागते. रेघ सोडून डावीकडे जात असेल तर डाव्या अंगाचे दात अधिक फाकले आहेत. त्या अंगावरून तेल लावलेला धारेचा दगड एकदा हलका फिरविला की ती सुधारते. मध्येच अडकत असेल तर दात पुरेसे फाकलेले नाहीत, किंवा लाकूड ओले आहे. कापलेल्या भागात पाचर मारावी, ताकद लावू नये. उड्या मारत असेल तर पातळ लाकडाला मोठे दात लाविले आहेत. लाकडाच्या जाडीत दोन-तीन दात तरी एका वेळी राहिले पाहिजेत. ओल्या लाकडाला दात अधिक फाकवावे, वाळलेल्या कठीण लाकडाला कमी. सागवानात वाळूचा अंश असतो, म्हणून ते हाताला मऊ वाटले तरी धार लवकर खाते. पावसाळ्यात पात्यावर तेलाचा हात फिरवून ठेवावे. नाशिकचा पाऊस कोकणासारखा नसला तरी गंज चढावयास तो पुरतो.

खंडेनवमीला हत्यारे धुऊन पुसून मांडण्याची जी चाल आहे, तिचा धार्मिक अर्थ कोणी काहीही लावो; वर्षातून एकदा प्रत्येक हत्यार हातात घेऊन नीट पाहिले जाते, हा तिचा व्यावहारिक लाभ मोठा आहे.

यंत्राचा इतिहास थोडक्यात सांगतो. चक्राच्या करवतीचे पेटंट इंग्लंडात सॅम्युएल मिलर याने १७७७ मध्ये घेतले. पट्टा-करवतीचे विल्यम न्यूबेरीने १८०८ मध्ये. पट्टा सांधावा कसा, हा प्रश्न मात्र तेव्हा सुटला नव्हता. तो सांधा टिकत नसे, म्हणून जवळजवळ चाळीस वर्षे ती करवत कागदावरच राहिली. फ्रान्समध्ये १८४६ मध्ये क्रेपँ नावाच्या बाईंनी सांधण्याची रीत काढली, तेव्हा ती खऱ्या अर्थाने चालू लागली. आपल्याकडे मुंबईच्या गोदीत वाडिया घराण्याच्या देखरेखीखाली सागवानी जहाजे बांधली जात होती. तेथे १८१७ मध्ये पाण्यात सोडलेले ‘त्रिंकोमाली’ हे जहाज इंग्लंडातील हार्टलपूल येथे आजही तरंगत आहे. अशा कामांसाठी लाकूड हवे, म्हणून इंग्रजांनी १८४२ मध्ये आपल्या शेजारच्या डांगची राने भाड्याने घेतली आणि १८४७ मध्ये मुंबई इलाख्यासाठी वनसंरक्षक नेमला. करवतीच्या मागे कायदा रानात शिरला तो असा. १८६५, १८७८ व १९२७ चे वनकायदे त्याच मार्गाने आले.

कसारा घाटाचा रेल्वेमार्ग १८६५ मध्ये खुला झाला आणि मुंबईच्या बंदरातील लाकूड आगगाडीने नाशिकपर्यंत येणे शक्य झाले. त्यातच पुढे ब्रह्मदेशाचा साग आला. त्या सागापायी एका राजाचे राज्य गेले, ही हकिकत रत्नागिरीकर विसरलेले नाहीत. १८६३ मध्ये स्थापन झालेल्या बॉम्बे-बर्मा कंपनीने ओंडके बेकायदा नेल्याच्या आरोपावरून राजा थिबाच्या दरबाराने तिला जबर दंड केला, आणि १८८५ च्या युद्धाला ते निमित्त झाले. राजाला कैद करून रत्नागिरीस ठेविले. त्याच्यासाठी बांधलेला राजवाडा १९१० मध्ये पुरा झाला व १९१६ मध्ये तो तेथेच वारला. ज्या लाकडासाठी राज्य घेतले, तेच ब्रह्मी सागवान त्याच्या कैदखान्यालाही लाविले होते.

यंत्राच्या खुणा ओळखण्यास सोप्या. चक्राची करवत लाकडावर कमानीसारख्या वर्तुळखंडाच्या रेघा सोडते. पट्टा-करवतीच्या रेघा सरळ, एकमेकींस समांतर व सारख्या अंतराच्या असतात. माणसाचा थकवा त्यांत नसतो. वाकसाची खूण म्हणजे शिंपल्यासारखे उथळ खळगे. एवढी चार चित्रे लक्षात ठेविली की कोणत्याही जुन्या लाकडाकडे पाहता येते.

परंतु येथे एक इशारा देणे अवश्य आहे. ‘आमचा वाडा पेशवाईतला’ असे सांगणारी घरे पुष्कळ आहेत. त्या वाड्याच्या मूळ कडीवर वर्तुळखंडाच्या रेघा निघाल्या तर ती कडी पेशवाईतील नव्हे, हे निश्चित समजावे. उलट, हाताच्या करवतीच्या रेघा निघाल्या म्हणून ती पेशवाईतीलच असेही म्हणता येणार नाही. कारण यंत्र आल्यावरही खेड्यापाड्यांत हाताची चिराई पुष्कळ वर्षे चालूच होती. यंत्राची खूण काळाची एक सीमा घालते, हाताची खूण घालीत नाही. शिवाय जुन्या घरात नवी कडी बसविलेली असते, आणि नव्या घरात जुन्या घराचे लाकूड वापरलेले असते. सुतार लाकूड टाकून देत नाही, हा इतिहासकाराला होणारा त्रास आहे. सांध्याजवळ आकडे किंवा चिरा असतील तर त्याही टिपून घ्याव्या, त्या जुळणीच्या खुणा असू शकतात. अलीनचित्त जातकात काशीजवळचे वड्ढकी नावेतून रानात जातात, तेथेच घराचे खांब व फळ्या घडवितात, त्यांवर खुणा घालतात आणि नदीकाठी आणून नावेत भरतात, असे वर्णन आहे. ही रीत तेवढी जुनी आहे.

सर्वोच्च न्यायालयाने गोदावर्मन प्रकरणी दिलेल्या आदेशांनी विनापरवाना आरागिरण्या बंद पडल्या. नवे सागवान महाग, म्हणून जुन्या वाड्यांच्या लाकडाला मागणी आली. वखारवाल्यांच्या दृष्टीने प्रत्येक पडका वाडा हे एक लहानसे रानच झाले आहे. दुसरीकडे फर्निचरचे काम प्लायवुडवर गेले. प्लायवुडच्या गोंदापुढे साध्या पोलादाची धार टिकत नाही, म्हणून कठीण धातूची टोके बसविलेली चक्रे आली. हातकरवतही टोके तापवून निळी केलेली अशी मिळते, जिच्यावर कानस चालतच नाही. बोथट झाली की फेकावयाची. स्वस्त व कामाला चोख, यात शंका नाही. पण दात काढणे जाणणारा माणूस आता साठीपुढचाच सापडतो.

आणखी एक गोष्ट स्पष्ट बोलली पाहिजे. फरशी कापण्याच्या कटरला लाकडाचे चक्र लावून काम करण्याची सवय आपल्या तरुण कारागिरांत फार पसरली आहे. त्या यंत्राला चक्राच्या मागे फट उघडी ठेवणारे पाते नसते, आणि पुष्कळदा संरक्षक झाकणही काढून टाकलेले असते. फट मिटली की चक्र पकडले जाते आणि यंत्र उलट अंगावर येते. हाताची करवत अडकली तर काम थांबते. हे अडकले तर बोटे जातात. लाकडाची बारीक धूळ कर्करोगास कारण होते, हेही आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेने १९९५ मध्ये नोंदविले आहे. तोंडाला फडके बांधण्याचा कंटाळा करू नये.

ज्यांच्या घरचा वाडा उतरावयाचा आहे किंवा जे वखारीतून जुने लाकूड घेणार आहेत, त्यांनी एवढे करावे. तुळया व फळ्या खाली आल्यावर, धुण्यापुसण्यापूर्वी, दिवा किंवा विजेरी पृष्ठभागाला अगदी टेकवून तिरपा प्रकाश पाडावा. उन्हात न दिसणाऱ्या रेघा त्यात उठून दिसतात. त्याच प्रकाशात, मोजपट्टी शेजारी ठेवून छायाचित्र घ्यावे, आणि ते लाकूड घरात कोठे होते हे खडूने लाकडावरच लिहावे. कापावयास देण्यापूर्वी लोहचुंबक फिरवून खिळे शोधावेत. जुना हातघडणीचा खिळा पट्टा-करवतीचे दात एका क्षणात उडवितो, आणि तुटलेला पट्टा कारागिराच्या अंगावर येतो. उपटलेले खिळे पिशवीत घालून ठेवावेत, तेही लोहाराच्या हातचे आहेत. फळ्या चिरून घेताना एका फळीची जुनी बाजू रंध्याखाली न घालण्यास सांगावे. कपाटाच्या पाठीला किंवा दिवाणाच्या खालच्या अंगास ती लाविली तर जागा अडत नाही, आणि पाहावयाची तेव्हा पाहता येते.